दोन धन्यांची नदी

कोकणातील कौलारू घराच्या आढ्यावर पडणाऱ्या पावसाच्या थेंबाचे भवितव्य बोटभर अंतराने ठरत असते. आढ्याच्या अलीकडे पडलेला थेंब पुढच्या पागोळ्यांतून अंगणात उतरतो. पलीकडे पडलेला मागच्या वळचणीने परसात जातो. डोंगरांचेही तसेच. त्र्यंबकच्या परिसरात एकाच डोंगररांगेच्या कुशीत गोदावरी आणि वैतरणा या दोन नद्या जन्म घेतात. एक अवघा दख्खन ओलांडून बंगालच्या उपसागराला मिळते, तर दुसरी आमच्या वसईच्या उत्तरेस अरबी समुद्रात विलीन होते. एकदा वाटा फुटल्या की त्या बहिणींची पुन्हा गाठ नाही. शाळेतील भूगोलाच्या गुरुजींनी आम्हांला ‘जलविभाजक’ हा शब्द शिकविला तो असा, आणि निसर्गाचा हा नियम अपवादाविना चालतो, असे आम्ही बराच काळ मानीत आलो.

परंतु दक्षिण अमेरिकेत, व्हेनेझुएला देशाच्या दक्षिण टोकाच्या अरण्यात, हा नियम न जुमानणारी एक नदी आहे. तिचे नाव कासिकियारे. ओरिनोको ही त्या खंडातील एक महानदी. पारिमा पर्वतात उगम पावून, अर्धवर्तुळाकार वळसा घेत, ती २,००० किलोमीटरांहून अधिक प्रवास करून अटलांटिक महासागराला मिळते. मात्र ऐन तारुण्यात, एस्मेराल्दा नावाच्या वस्तीच्या थोडे खाली, तिचा डावा काठ एके ठिकाणी फुटतो आणि तिच्या पाण्याचा एक हिस्सा नैऋत्येकडे चालू लागतो. तो परत येत नाही. सुमारे ३२० किलोमीटर वळणे घेत घेत तो सान कार्लोस या गावाजवळ रिओ नेग्रोला, म्हणजे ‘काळ्या नदी’ला मिळतो, आणि रिओ नेग्रो पुढे ब्राझीलमध्ये ॲमेझॉनला मिळते. थोडक्यात, एकाच नदीचे पाणी दोन महानद्यांची चाकरी करते. कोणालाही दोन धन्यांची चाकरी करता येत नाही, असे मत्तयच्या शुभवर्तमानात आपण वाचतो. ओरिनोकोने मात्र तो प्रयत्न चालविला आहे, आणि त्याचा निकाल अद्याप लागलेला नाही.

हे घडते कसे, असा प्रश्न वाचकांच्या मनात येणे स्वाभाविक आहे. त्याचे उत्तर त्या भूमीच्या सपाटीत आहे. ज्या ठिकाणी ओरिनोको दुभंगते, ती जागा समुद्रसपाटीपासून सुमारे १२० मीटर उंचीवर आहे. आणि कासिकियारे जेथे रिओ नेग्रोला मिळते, ती जागा सुमारे ९० मीटरांवर. सव्वातीनशे किलोमीटरांच्या वाटेवर जेमतेम तीस मीटरांचा उतार! आढ्यावाचून छप्पर असावे तसा हा प्रदेश आहे. पाण्याला ‘इकडचे’ आणि ‘तिकडचे’ असा भेद सांगणारी टेकडी तेथे नाही. फाट्यापाशी कासिकियारेची रुंदी सुमारे नव्वद मीटर असते. वाटेत सियापा, पासिमोनी अशा उपनद्या तिला येऊन मिळतात आणि शेवटी ती पाचशे मीटरांहूनही रुंद होते. ओरिनोकोतून ती जितके पाणी घेऊन निघते, त्याच्या कितीतरी पट अधिक पाणी ती वाटेत गोळा करते. कोरड्या ऋतूत तिच्यात वाळूचे दांडे आणि काळ्या ग्रॅनाइटचे खडक उघडे पडतात; पावसाळ्यात तिचा वेग इतका वाढतो की वल्ह्यांनी प्रवाहाविरुद्ध जाणे हे कष्टाचे काम होऊन बसते.

वल्ह्यांच्या या कष्टांवरून एक कथा आठवते. ओरिनोकोकाठी तामानाको नावाचे लोक राहत असत. त्यांच्या पुराणकथेत आमालिवाका हा जगाची घडण करणारा पुरुष आहे. जग घडविताना तो आणि त्याचा भाऊ यांच्यात बराच खल झाला. नदी अशी करावी, की एका काठाने प्रवाह खाली वाहील आणि दुसऱ्या काठाने वर. म्हणजे माणसाला जाताना आणि येतानाही वल्ही मारावी लागणार नाहीत. बिचाऱ्या भावांनी पुष्कळ डोके चालविले, पण ते काही साधले नाही. ज्या लोकांचे आयुष्य होडीत गेले, त्यांनी आपल्या विधात्याकडे याहून शहाणे मागणे कोणते मागावे? आज तामानाको भाषा बोलणारे कोणी उरलेले नाही. त्यांची ही कथा आपल्यापर्यंत आली ती एका येशुसंघीय धर्मगुरूच्या लेखणीमुळे. त्यांच्याविषयी पुढे लिहिणारच आहोत.

या प्रदेशातील नद्यांचे पाणी रंगाने दोन जातींचे आहे, आणि तेथील साऱ्या जीवसृष्टीचे रहस्य त्या रंगांत आहे. पर्वतांची माती घेऊन येणाऱ्या नद्या गढूळ असतात. त्यांना तेथील लोक ‘पांढऱ्या’ नद्या म्हणतात. उलट, निकस वाळूवर वाढलेल्या अरण्यातून झिरपत येणारे पाणी कुजलेल्या पानांचा अर्क घेऊन येते. ओंजळीत घेतले तर ते कोऱ्या चहासारखे दिसते आणि खोल डोहात शाईसारखे काळे. हे पाणी आम्लयुक्त असते. त्यात क्षार अत्यल्प असल्याने डासांच्या अळ्या जगत नाहीत. म्हणून काळ्या नदीच्या काठी प्रवासी सुखाने झोपतो, आणि पांढऱ्या नदीच्या काठी रात्रभर अंग खाजवीत बसतो. कासिकियारे ओरिनोकोचे पांढरे पाणी घेऊन निघते आणि काळ्या उपनद्या पोटात घेत घेत हळूहळू सावळी होत जाते. मत्स्यशास्त्रज्ञांनी या बदलाचा बारकाईने अभ्यास केला आहे. त्यांच्या मते ही नदी दोन खोऱ्यांमधील नुसता पूल नाही, ती गाळणीही आहे. काही जातींचे मासे तिच्यातून या खोऱ्यातून त्या खोऱ्यात गेले. काहींना मात्र पाण्याचा बदललेला गुण मानवला नाही आणि ते अर्ध्या वाटेवरून पुढे सरकलेच नाहीत. हौशी लोकांच्या काचपेटीत निळ्या-तांबड्या रेषेचा जो इवलासा ‘कार्डिनल टेट्रा’ मासा दिसतो, तो याच काळ्या पाण्याचा रहिवासी होय. वरच्या ओरिनोकोत आणि रिओ नेग्रोत, दोन्हीकडे तो सापडतो. काठावर पियासाबा नावाचा माड वाढतो. त्याच्या बुंध्याला लोंबणाऱ्या राठ तंतूंपासून दोर आणि केरसुण्या बनवितात. आपल्या काथ्याचा तो भाऊबंदच म्हणावा. त्याचे दोर पाण्यात कुजत नाहीत, म्हणून नावाडी त्यांना फार मान देतात.

आता इतिहासाकडे वळू. ही नदी तेथील रहिवाशांना अर्थातच प्राचीन काळापासून ठाऊक होती. तिच्यातून त्यांचा व्यापार चाले आणि त्यांच्या लढायाही होत. प्रश्न होता तो युरोपातील विद्वानांना ती पटण्याचा. १६३९ साली ॲमेझॉनमधून प्रवास करणाऱ्या फादर क्रिस्तोबाल दे आकुन्या या येशुसंघीयांच्या कानावर, रिओ नेग्रोतून उत्तरेकडच्या दुसऱ्या एका मोठ्या नदीत जाता येते, ही गोष्ट आली होती. पुढची शंभर वर्षे ती अफवा म्हणूनच राहिली. मग १७४१ साली माद्रिद येथे फादर होसे गुमिला यांचा ओरिनोकोवरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. आमच्या वसईचा किल्ला चिमाजी अप्पांच्या फौजेने घेतला त्यानंतर दोनच वर्षांनी. गुमिला ओरिनोकोकाठी अनेक वर्षे राहिलेले, तेथील माणसे, झाडे, साप, सुसरी यांची रसाळ वर्णने करणारे लेखक. त्यांच्या शब्दाला वजन होते. त्यांनी निःसंदिग्धपणे लिहिले, की ओरिनोको आणि ॲमेझॉन यांचा परस्परांशी कोठेही संबंध नाही. नदीच्या वरच्या प्रदेशाची त्यांना प्रत्यक्ष ओळख नव्हती. पण ज्याला खालची नदी इतकी ठाऊक, त्याला वरचीही ठाऊक असणार, असे वाचकांनी गृहीत धरले. ज्ञानी माणसाची चूक अज्ञान्याच्या चुकीहून अधिक काळ टिकते, ती अशी.

तीनच वर्षांनी ही चूक उघडकीस आणली ती त्यांच्याच संघबंधूने. ओरिनोकोवरील येशुसंघीय मिशनांचे प्रमुख फादर मानुएल रोमान हे १७४४ च्या फेब्रुवारीत कारिचाना येथून काही सालिवा लोकांना बरोबर घेऊन नदीने वर निघाले. पोर्तुगीज लोक वरच्या भागात येऊन माणसे पकडून नेतात, अशा तक्रारी त्यांच्याकडे येत होत्या. त्यांत तथ्य किती, हे त्यांना पाहायचे होते. मोठे धबधबे ओलांडून ते बरेच पुढे गेले. एके दिवशी समोरून एक होडी येताना दिसली. तिच्यातील माणसांच्या अंगावर युरोपीय कपडे होते. रोमान यांनी, अनोळखी मुलखात मिशनरी करीत असत त्याप्रमाणे, शांततेची खूण म्हणून आपला क्रूस होडीच्या नाळेवर उभारला. समोरची मंडळी निघाली रिओ नेग्रोवरचे पोर्तुगीज गुलामविक्रेते. इग्नाटियसच्या संघाचा झगा पाहून त्यांना आनंद झाला. ज्या नदीवर आपण आहोत ती ओरिनोको आहे, हे ऐकून ते चकितही झाले. त्यांनी रोमान यांना आपल्याबरोबर कासिकियारेतून रिओ नेग्रोपर्यंत नेले.

या प्रसंगापाशी आम्ही दरवेळी थबकतो. भूगोलाच्या पुस्तकांत ‘१७४४ : फादर रोमान यांनी कासिकियारेचा शोध लावला’ अशी एक ओळ असते. पण हा शोध त्यांना कोणी दाखविला? माणसांच्या व्यापाऱ्यांनी! ज्या वाटेबद्दल माद्रिद आणि पॅरिस येथे वाद चालला होता, त्या वाटेने आधीच बंदिवानांच्या होड्या जात होत्या. विद्वानांना नदी नाही असे वाटत होते, तेव्हा दोरखंडांनी बांधलेल्या स्त्रिया आणि मुले त्याच नदीने दक्षिणेकडे नेली जात होती. पोर्तुगीज कायद्यात या व्यापाराला ‘सुटका’ असे गोंडस नाव होते. आपसांतील लढाईत पकडलेल्यांना मृत्यूपासून ‘सोडवून’ गुलाम करायचे, असा त्याचा अर्थ. कोणाची ‘सुटका’ कायदेशीर आणि कोणाची नाही, हे ठरविण्यासाठी त्या टोळ्यांच्या छावणीत एका येशुसंघीयाची नेमणूक असे. त्या वेळी ते काम फादर आवोगाद्री यांच्याकडे होते. त्यांची भेट होईपर्यंत रोमान छावणीजवळ थांबले आणि मग कासिकियारेच्याच वाटेने परतले. सात महिन्यांनंतर ते आपल्या मिशनात पोहोचले. छावणीच्या त्या दिवसांत दोघा धर्मबंधूंचे काय बोलणे झाले असेल? एकाचे आयुष्य नदीकाठी लोक वसविण्यात चालले होते, दुसऱ्याचे पकडलेल्यांच्या यादीवर मान्यतेची सही करण्यात. आणि दोघांचा झगा एकच.

रोमान यांच्या प्रवासाची बातमी पारा येथील येशुसंघीय कॉलेजच्या मार्गे ला कोंदामीन या फ्रेंच शास्त्रज्ञाला कळली. ते १७४३ मध्ये ॲमेझॉनमधून प्रवास करून युरोपात परतले होते. १७४५ साली त्यांनी पॅरिसच्या विज्ञान अकादमीपुढे ती मांडली. इकडे फादर गुमिला यांनी काय केले? त्यांचे तरुण सहकारी फादर फिलिप्पो साल्वातोरे गिली सांगतात, की गुमिला यांनी आपली चूक मोकळेपणाने कबूल केली. छापील ग्रंथातील वाक्य मात्र तसेच राहिले. छापलेला शब्द मागे घेता येत नाही, हे दुखणे लेखकांना जुनेच आहे.

हे गिली म्हणजेच आमालिवाकाची कथा आपल्यासाठी जतन करणारे धर्मगुरू. जन्माने इटालियन. ओरिनोकोकाठी ते सुमारे अठरा वर्षे राहिले. तामानाको भाषा त्यांनी आत्मसात केली, मायपुरे भाषा शिकली, आणि आजूबाजूच्या अनेक बोलींची तुलना करून त्या कोणत्या नऊ मूळ भाषांपासून निघाल्या असाव्यात, याची मांडणी केली. तुलनात्मक भाषाशास्त्राचे नाव युरोपात रूढ होण्याच्या आधीची ही गोष्ट आहे. आमच्या वाचकांना येथे फादर स्टीफन्स आठवतील. राशोलला बसून मराठीत ‘ख्रिस्तपुराण’ रचणारे आणि कोकणीचे व्याकरण लिहिणारे स्टीफन्स, आणि अरण्यात बसून तामानाको शब्दांचे अर्थ विचारणारे गिली, यांच्यात दीडशे वर्षांचे आणि दोन महासागरांचे अंतर आहे. पण परक्या माणसाच्या तोंडचा शब्द नीट ऐकून घेण्याची असोशी एकच आहे. फरक इतकाच, की स्टीफन्सांच्या ओव्या ज्या भाषेत आहेत ती आज कोट्यवधींच्या मुखी आहे. गिलींची तामानाको मुकी झाली.

१७५९ साली पोर्तुगालने आपल्या साऱ्या राज्यातून येशुसंघीयांना हाकलून दिले. गोव्यातही त्या वर्षी धरपकड झाली, हे आपल्याकडच्या इतिहासात सुपरिचित आहे. १७६७ साली स्पेनच्या राजाने तोच हुकूम काढला. गिली ओरिनोको सोडून रोमला गेले आणि तेथे १७८० ते १७८४ या काळात त्यांनी आपला चार खंडांचा ग्रंथ छापला. दरम्यान दोन्ही राजांच्या सीमा आखण्यासाठी निघालेल्या मोहिमेने वरच्या ओरिनोकोवर ठाणी वसविली : १७५८ मध्ये सान फर्नांदो दे आताबापो आणि पाठोपाठ सान कार्लोस दे रिओ नेग्रो. येशुसंघीयांच्या जागी फ्रान्सिस्कन मठवासी आले. आणि गंमत अशी, की एवढे सारे होऊनही १७९८ साली ब्यूआश या फ्रेंच भूगोलतज्ज्ञाने कासिकियारे ही निव्वळ चूक ठरवून तेथे आपल्या नकाशावर एक पर्वतरांग काढली. शाईचा पर्वत उभारायला कष्ट ते कितीसे!

हा शाईचा पर्वत पुसण्याचे श्रेय अलेक्झांडर फॉन हंबोल्ट यांचे. १८०० सालच्या मार्चअखेर हे जर्मन शास्त्रज्ञ आणि त्यांचे फ्रेंच सहकारी, वनस्पतिशास्त्रज्ञ एमे बोंप्लां, आपुरे नदीने निघाले. पुढे एकाच झाडाच्या खोडाची कोरलेली होडी त्यांनी मिळविली. लांबी सुमारे चाळीस फूट, रुंदी तीन फूटसुद्धा नाही. तिच्यात उपकरणे, वाळविलेल्या वनस्पतींचे गठ्ठे, पिंजऱ्यांतील माकडे आणि पक्षी, नावाडी, एक कुत्रा आणि तापाने फणफणलेले फादर बेर्नार्दो सेया. फ्रान्सिस्कन असलेले हे फादर धबधब्यांजवळच्या मिशनातून वाटाड्या म्हणून बरोबर आले होते. धबधब्यांवर त्यांना एक म्हातारा पोपट दाखविण्यात आला. तो काय बोलतो हे कोणालाच समजत नसे, कारण तो आतुरे लोकांची भाषा बोलत होता आणि ते लोक नाहीसे झाले होते, असे तेथील रहिवासी सांगत.

आताबापो नदीने वर जाऊन, तेवीस माणसांकडून होडी ओंडक्यांवरून जंगलातून ओढवून घेत, ते रिओ नेग्रोत उतरले आणि १० मे रोजी सान कार्लोस सोडून कासिकियारेत शिरले. काळ्या पाण्याचे सुख संपले. डासांनी त्यांना इतके छळले की हंबोल्ट यांनी त्यांच्या पाळ्या लिहून ठेवल्या : दिवसा बारीक चावऱ्या माश्या, तिन्हीसांजेला दुसरी जात, रात्री तिसरी; जणू गिरणीतील कामगार भोंग्यावर बदलतात तसे. अरण्य इतके घनदाट की उतरायला कुऱ्हाडीने जागा करावी लागे, आणि इतके ओले की चोहोकडे झाडे असूनही पेटेल असे सरपण मिळेना. अन्नाला साखरेवाचूनचा कोको आणि कसाव्याच्या पिठात कालविलेल्या मुंग्या. ज्या कंदापासून आपला उपवासाचा साबुदाणा होतो, त्याच कंदाचे ते पीठ. फादर सेया यांनी मुंग्यांची तारीफ केली, हंबोल्टना ती पटली नाही. शेवटच्या मुक्कामी त्यांचा कुत्रा रात्रीतून नाहीसा झाला. जॅग्वारने नेला असणार, असे सर्वांचे मत पडले. दुसऱ्या दिवशी, २१ मे रोजी, होडी ओरिनोकोच्या पात्रात आली. हंबोल्ट यांनी त्या प्रदेशातील अक्षांश-रेखांश मोजले होते. आपण नवीन काही शोधले असा दावा त्यांनी केला नाही. अर्धशतकापूर्वीच ज्ञात असलेली गोष्ट आपण निश्चित केली, इतकेच ते म्हणाले.

फाट्याच्या थोडे वर, दुइदा पर्वताच्या पायथ्याशी, एस्मेराल्दा. तिच्या नावाचा अर्थ पाचू; डोंगरातील हिरवट गारगोटी पाहून कोणाला तरी तसा भास झाला होता. नाव रत्नाचे, पण डासांमुळे ती जागा अशी कुप्रसिद्ध की मठवासीयांना शिक्षेची बदली तेथे होई, असे म्हणत. तेथे हंबोल्ट यांनी क्युरारी हे बाणाचे विष तयार करणारा वृद्ध पाहिला. रक्तात गेले तर प्राणघातक, पोटात गेले तर निरुपद्रवी असे हे विष. याच जातीच्या विषातील द्रव्याने १९४२ पासून शस्त्रक्रियेच्या वेळी स्नायू शिथिल करण्याचे काम केले. ज्याला ‘ब्राझील नट’ म्हणतात त्या प्रचंड वृक्षाची शास्त्रीय नोंदही हंबोल्ट आणि बोंप्लां यांनीच पुढे केली.

त्यांच्या ग्रंथातील एक हकिकत सांगितल्याशिवाय हा लेख पुरा करणे आम्हांला प्रामाणिकपणाचे वाटत नाही. आताबापोच्या पात्रात एक खडक आहे, त्याला ‘ग्वाहिबा स्त्रीचा खडक’ म्हणत. हंबोल्टना त्याची कथा त्या भागातील मिशनातच कळली. १७९७ साली सान फर्नांदोचा मिशनरी काही माणसे घेऊन ग्वाव्हियारे नदीकडे ‘आत्मे मिळवायला’ गेला. एका झोपडीत एक ग्वाहिबा स्त्री आपल्या तीन मुलांसह कसाव्याचे पीठ करीत होती. नवरा मासे धरायला गेला होता. ती मुलांना घेऊन पळू लागली; तिला पकडून, बांधून होडीत घातले. सान फर्नांदोहून ती मुलांसह पुन्हा पुन्हा घराच्या दिशेने पळाली. प्रत्येक वेळी पकडून आणली आणि मारली. शेवटी तिला मुलांपासून तोडून रिओ नेग्रोकडच्या मिशनात पाठविण्याचे ठरले. वाटेत बंधने तोडून तिने नदीत उडी घेतली आणि त्या खडकाच्या आश्रयाने ती काठाला लागली. तिला शोधून काढले आणि त्याच खडकावर पाणगायीच्या कातड्याच्या वादीने फटके मारले. मग हाविता येथे नेले. पावसाळ्याचे दिवस. त्या ऋतूत जंगलातून पायी कोणी जात नसे, कारण पायवाट अशी नव्हतीच. धष्टपुष्ट पुरुषही तो विचार करीत नसत. ती रात्री निसटली, हात रक्तबंबाळ झालेले, आणि चौथ्या दिवशी सान फर्नांदोजवळ तिच्या मुलांच्या निवाऱ्याभोवती घुटमळताना दिसली. पुढे काय झाले, असे हंबोल्ट यांनी विचारले. तिला बरे होण्याचीही सवड न देता पुन्हा मुलांपासून दूर, वरच्या ओरिनोकोवरील एका मिशनात पाठविले. तेथे तिने अन्न नाकारले आणि ती मेली.

तिचे नाव कोणी लिहून ठेवलेले नाही. बाप्तिस्म्याच्या वहीत पडलेलेही नसावे.

अशा धाडींना स्पेनच्या कायद्याने बंदी होती, हे हंबोल्ट आवर्जून नमूद करतात. आम्ही ही हकिकत एका मठवासी संघावर बोट ठेवण्यासाठी सांगत नाही. येशुसंघीयांच्या काळातही मिशनांबरोबर शिपायांची तुकडी असे, आणि छावणीतील फादर आवोगाद्री आपण पाहिलेच आहेत. पण ज्यांनी तामानाको भाषा ऐकून घेतली ते गिली आमचे, असे म्हणायचे असेल, तर ज्याने त्या आईची भाषा ऐकून घेतली नाही तोही आमचाच, हे मान्य करावे लागते. बेरजेत एकच रकाना मांडता येत नाही. तिची कथा जगापुढे आणली ती एका प्रॉटेस्टंट घरात जन्मलेल्या प्रवाशाने.

पुढचा इतिहास आम्ही घाईने सांगतो, कारण त्यात नदी तीच आणि पकडणारे तेवढे बदलतात. १८५३ साली इंग्रज वनस्पतिशास्त्रज्ञ रिचर्ड स्प्रूस कासिकियारेतून गेले. त्यांच्या संग्रहाने या अरण्याची खरी श्रीमंती कळली. मग रबराची तेजी आली. १९१३ साली तोमास फुनेस नावाच्या रबर-व्यापाऱ्याने सान फर्नांदो दे आताबापो येथे प्रांताच्या राज्यपालाला ठार करून सत्ता बळकावली. १९२१ मध्ये त्याला गोळ्या घालण्यात आल्या, तोपर्यंत त्या मुलखात त्याच्या शब्दाखेरीज दुसरा कायदा नव्हता. ओरिनोकोचा उगम मात्र १९५१ च्या नोव्हेंबरपर्यंत कोणा भूगोलतज्ज्ञाने पाहिला नव्हता. एव्हरेस्टच्या माथ्यावर माणूस पोहोचण्याच्या फक्त दीड वर्ष आधीपर्यंत!

१९३० च्या दशकात, माटुंग्याच्या डॉन बॉस्कोमुळे आपल्या परिचयाचा असलेला सलेशियन संघ या मुलखात आला. त्यांपैकी फादर लुइस कोक्को यांनी यानोमामी लोकांमध्ये पंधरा वर्षे घालविली आणि १९७२ साली त्यांच्यावर एक ग्रंथ लिहिला. गिलींची परंपरा अगदीच खंडित झाली नाही, असे तो ग्रंथ पाहून म्हणता येते. १९८९ मध्ये व्हेनेझुएलाच्या सरकारने त्या प्रांतात खाणकामाला बंदी केली आणि १९९१ मध्ये वरच्या ओरिनोको-कासिकियारेचे विस्तीर्ण क्षेत्र राखीव म्हणून जाहीर केले. सोने शोधणाऱ्यांना कागदी सीमा थोपवीत नाहीत. १९९३ साली सीमेजवळील हाशिमू येथे ब्राझीलमधून आलेल्या बेकायदा सोनेवाल्यांनी सोळा यानोमामींची हत्या केली; मृतांत मुलेही होती. ब्राझीलच्या न्यायालयाने तो वंशसंहार ठरविला. सोन्यासाठी वापरलेला पारा नद्यांच्या पाण्यात आणि माशांत उतरतो, त्याला तर कोणत्याही न्यायालयात उभे करता येत नाही.

आणि नदी? भूशास्त्रज्ञांच्या अलीकडच्या अभ्यासाप्रमाणे आपण जे पाहतो आहोत ती एका चोरीची मधली अवस्था आहे. रिओ नेग्रोच्या बाजूचा उतार किंचित अधिक असल्याने ॲमेझॉनचे खोरे ओरिनोकोचे वरचे पाणी हळूहळू आपल्याकडे ओढून घेत आहे. आज फाट्यापाशी पाण्याचा लहान वाटा दक्षिणेला वळतो आणि मोठा वाटा ओरिनोकोच्या जुन्या वाटेने जातो. भूगर्भाच्या हिशेबात थोड्या आणि माणसाच्या हिशेबात अगणित वर्षांनी, एस्मेराल्दाखाली ओरिनोको असणारच नाही. दुइदावर पडलेला पाऊस सगळाच काळ्या नदीला मिळेल. तोपर्यंत पावसाळ्यात पाणी चढले की होड्या फाट्यापाशी येतात. उजवीकडे वळल्या तर ओरिनोकोचे धबधबे, डावीकडे वळल्या तर सान कार्लोस. आणि कोणत्याही वाटेने गेल्या, तरी परतताना वल्ही मारावीच लागतात.